सपाता कुणी आणायच्या? ‘पिग्मॅलियन’चा शेवटचा प्रसंग, संहितेत आणि पडद्यावर

जॉर्ज बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’ या नाटकाच्या शेवटी एलायझा डूलिटल प्रोफेसर हिगिन्सच्या आईच्या दिवाणखान्यातून निघून जाते आणि हिगिन्स मागे एकटा उरतो. याच नाटकावरच्या १९३८ च्या चित्रपटाच्या शेवटी एलायझा हिगिन्सच्या घरी, त्याच्या अभ्यासिकेत परत येते आणि तिच्याकडे पाठ करून बसलेला हिगिन्स विचारतो, “माझ्या सपाता कुठे गेल्या, एलायझा?” तिथे चित्रपट संपतो.

नाटकात ती जाते, चित्रपटात ती येते. एवढ्या एका बदलानं अख्ख्या कथेचा अर्थ फिरतो. चित्रपटवाल्यांनी गोड शेवटाच्या हौसेपायी शॉचं नाटक बिघडवलं, असं याबद्दल नेहमी बोललं जातं. मला ते अर्धंच खरं वाटतं. बारकाईनं पाहिलं तर चित्रपटानं त्या शेवटच्या दोन-तीन मिनिटांत बाहेरून जवळपास काहीच आणलेलं नाही. सपाता शॉच्या, ग्रामोफोनवरचा आवाज शॉचा, “मी हातपाय-तोंड धुऊन आलेय” हे वाक्यही शॉचंच. सगळं सामान त्याच्याच घरातलं आणि तरी त्यातून त्याच्या म्हणण्याच्या नेमकं उलट म्हणणं उभं राहिलं. हे कसं जमलं, ते या एका प्रसंगापुरतं तपासायचं आहे.

कथा मराठी वाचकाला सांगत बसायची गरज नाही. पु. ल. देशपांड्यांच्या ‘ती फुलराणी’मुळे ती आपल्या घरातली झाली आहे. १९७५ मध्ये रंगभूमीवर आलेल्या त्या नाटकात भक्ती बर्वेंची मंजुळा आणि सतीश दुभाषींचा प्रोफेसर ज्यांनी पाहिला, ते अजून त्याबद्दल बोलताना थांबत नाहीत. लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमध्ये फुलं विकणारी एक मुलगी, तिच्या बोलीवरून पैज मारणारा ध्वनिशास्त्रज्ञ हिगिन्स, त्याचा सभ्य मित्र कर्नल पिकरिंग आणि सहा महिन्यांत तिला सरदारघराण्यातली बाई म्हणून खपवण्याचा खटाटोप, एवढी मूळ चौकट. एक मात्र सांगून ठेवतो. मंजुळेचं ‘तुला शिकवीन चांगलाच धडा’ हे गाजलेलं स्वगत शॉच्या संहितेत शोधायला गेलात तर सापडणार नाही. त्याच्या जवळचं काही आहे ते ‘माय फेअर लेडी’ या संगीतिकेत. म्हणजे आपल्यापर्यंत हे नाटक पोचलं तेही थोडं कागदावरून आणि थोडं त्याच्या पुढच्या अवतारांवरून.

आधी प्रश्न: कोणती संहिता?

संहिता आणि चित्रपट यांची तुलना करताना इथे हमखास घोटाळा होतो. ‘पिग्मॅलियन’ची संहिता एक नाही. शॉनं नाटक १९१२ मध्ये लिहिलं. पहिला प्रयोग १९१३ च्या ऑक्टोबरात व्हिएन्नामध्ये जर्मन भाषेत झाला, लंडनमध्ये ते ११ एप्रिल १९१४ ला लागलं आणि पुस्तकरूपात १९१६ मध्ये आलं. मग १९३८ चा चित्रपट. आणि त्यानंतर १९४१ मध्ये शॉनं संहिता पुन्हा हातात घेतली, चित्रपटासाठी लिहिलेले काही प्रवेश तिच्यात घातले आणि शेवटही बदलला.

आज पेंग्विनची प्रत विकत घेतली तर हातात येते ती १९४१ ची. इंटरनेटवर फुकट मिळते ती बहुतेक ठिकाणी १९१६ ची. चित्रपट पाहून कुणी पेंग्विनची प्रत उघडली आणि ‘मूळ नाटकात काय होतं’ ते बघू लागला, तर तो चित्रपटाची तुलना चित्रपटानंतर लिहिलेल्या संहितेशी करत असतो. त्या संहितेचा शेवट तर चित्रपटाला दिलेलं उत्तरच आहे. म्हणून मी इथे १९१६ ची संहिता मूळ धरतो. १९४१ च्या शेवटाकडे नंतर येईन.

संहितेतला शेवटचा प्रसंग

पाचवा अंक मिसेस हिगिन्सच्या चेल्सीतल्या दिवाणखान्यात घडतो. जागेची ही निवड फार विचारपूर्वक केलेली आहे. विंपोल स्ट्रीटवरची प्रयोगशाळा हे हिगिन्सचं राज्य. तिथे एलायझा एकदा विद्यार्थिनी म्हणून आली आणि आदल्या रात्री तिथूनच निघून गेली. आईचं घर ही तिसरीच जागा. इथे हिगिन्सला पाय पसरून बसता येत नाही, आई रागावते. एलायझाला इथे पाहुणीचा मान आहे. संहितेत ती विंपोल स्ट्रीटला पुन्हा पाऊल टाकताना आपल्याला दिसतच नाही.

इथे दोघांचा मोठा वाद होतो. नाटकाचा सगळा जीव या वादात आहे. हिगिन्स म्हणतो, मी तुझ्याशी जसा वागतो तसाच सगळ्यांशी वागतो. एलायझा म्हणते, मला ओरडलेलं चालेल, पण माझ्याकडे लक्षच नाही असं वागलेलं चालणार नाही. तो म्हणतो, मला तुझी आठवण येईल, तुझ्या आवाजाची आणि चेहऱ्याची मला सवय झाली आहे, मला ते आवडतातही. यावर तिचं उत्तर ऐकण्यासारखं आहे. ती म्हणते, आवाज तुमच्या ग्रामोफोनवर आहे आणि चेहरा फोटोंच्या वहीत. एकटं वाटलं तर मशीन लावा. त्याला दुखावण्यासारख्या भावना नाहीत. हिगिन्स म्हणतो, पण तुझा आत्मा मला मशीनवर लावता येत नाही.

मग सपातांचा विषय निघतो. त्याआधी चौथ्या अंकात काय झालं ते आठवायला हवं. पैज जिंकून मध्यरात्री तिघं घरी येतात. दोघं पुरुष थकलेले, आपल्या यशावर खूश. एलायझा कोपऱ्यात गप्प बसलेली. हिगिन्स हवेत प्रश्न टाकतो, माझ्या सपाता कुठे गेल्या कोण जाणे. एलायझा काळवंडलेल्या चेहऱ्यानं त्याच्याकडे बघते, उठते, खोलीबाहेर जाते, सपाता घेऊन येते आणि त्याच्यासमोर गालिच्यावर ठेवते. एक शब्द बोलत नाही. हिगिन्सला ते कळतसुद्धा नाही. बोलता बोलता त्याची नजर खाली जाते आणि तो म्हणतो, अरे, इथेच आहेत की! जणू त्या आपल्या पायांनी चालत आल्या. पिकरिंग झोपायला जातो, हिगिन्सही जातो आणि परत येऊन तोच प्रश्न विचारतो: सपाता कुठे टाकल्या मी? या वेळी एलायझा त्या उचलते आणि एकापाठोपाठ एक जिवाच्या आकांतानं त्याच्या अंगावर फेकते.

त्या फेकण्यानं नाटकाचे दोन तुकडे होतात. तोवर ती त्याचं काम होती, आता ती समोरचा माणूस आहे. आणि पाचव्या अंकात हिगिन्स स्वतःच याचा निकाल देतो. बाईनं पुरुषाच्या सपाता आणून देणं हे किळसवाणं दृश्य आहे, मी कधी तुझ्या आणल्या का, असं तो म्हणतो. तू त्या माझ्या तोंडावर मारल्यास तेव्हा माझ्या मनात तुझी किंमत वाढली. माझी गुलामी करायची आणि मग वर म्हणायचं की माझी काळजी घ्या, हे चालणार नाही. गुलामाची काळजी कोण करतं? हिगिन्स उद्धट आहे, आत्मकेंद्री आहे, पण या एका बाबतीत तो खरं बोलतो, आणि शॉनं हे खरं मुद्दाम त्याच्याच तोंडी घातलं आहे.

शेवटी एलायझा हुकमाचं पान टाकते. तुम्ही शिकवलंत ते मीही शिकवीन, ध्वनिशास्त्राचे वर्ग घेईन. हिगिन्स संतापून तिच्यावर हात टाकतो. ती जागची हलत नाही. मारा, मला माहीत होतं एक दिवस माराल. तो हात काढून घेतो. मग ती म्हणते, वर्तमानपत्रात जाहिरात देईन की तुमची डचेस म्हणजे एक फुलवाली होती आणि ती कुणालाही सहा महिन्यांत हजार गिनींमध्ये डचेस करून देईल. यावर हिगिन्स एकदम खूश होतो: आता तू खरी बाई झालीस, अशी मला आवडतेस. आता तू, मी आणि पिकरिंग, आपण तिघं ब्रह्मचारी एकत्र राहू.

इतक्यात आई येते. एलायझाच्या बापाचं लग्न आहे, तिकडे जायचं आहे. एलायझा निरोप घेते. हिगिन्स जाता जाता काम सांगतो: एक हॅम आणि स्टिल्टन चीज मागव, आठ नंबरचे हातमोजे आण, नव्या सुटाला शोभेलसा टायही आण. एलायझा तुच्छतेनं म्हणते, “तुमचं तुम्हीच आणा.” आणि ताठ मानेनं निघून जाते. आई म्हणते, तू त्या मुलीला लाडावून ठेवलंयस, जाऊ दे, टाय-हातमोजे मीच आणते. हिगिन्स प्रसन्नपणे म्हणतो, काही गरज नाही, ती आणेलच. मग तो एकटा उरतो, खिशातली नाणी खुळखुळवतो, स्वतःशी हसतो आणि मोठ्या आत्मसंतुष्टपणे तिथे मिरवतो. पडदा.

खिशातल्या नाण्यांची ही रंगसूचना मला फार मोलाची वाटते. पहिल्या अंकाच्या शेवटी पावसाळी रात्री याच माणसानं खिशातली मूठभर नाणी एलायझाच्या टोपलीत फेकलेली असतात. त्या पैशांच्या जोरावर ती दुसऱ्या दिवशी त्याच्या दारात शिकवणी मागायला येते. शेवटी नाणी खिशातच आहेत, फेकायला समोर कुणी नाही, आणि त्याला याचा पत्ता नाही. शॉ हिगिन्सला ना पश्चात्ताप देतो, ना उसासा. बदल एलायझात झाला, हिगिन्स होता तिथेच आहे.

पडद्यावरचा प्रसंग

चित्रपट अँथनी ॲस्क्विथ आणि लेस्ली हॉवर्ड यांनी मिळून दिग्दर्शित केला, निर्माता गॅब्रिएल पास्कल, संकलन डेव्हिड लीनचं. हिगिन्सच्या भूमिकेत स्वतः हॉवर्ड, एलायझा वेंडी हिलर. हिलर ही शॉची पसंती होती आणि तिची एलायझा आजही पाहावी अशी आहे. चिखलातली, चिडखोर, आणि पुढे डौलदार झाली तरी डोळ्यांत तीच आग ठेवणारी.

आईच्या घरचा वाद चित्रपटात आहे, पण कापून लहान केलेला. तो संपला की एलायझा बाहेर पडते आणि तिच्या प्रेमात पडलेल्या फ्रेडी या तरुणाबरोबर मोटारीत बसून जाते. इथपर्यंत शॉला हरकत घेण्यासारखं काही नव्हतं. उलट फ्रेडी प्रत्यक्ष न्यायला आला म्हणजे शंकेला जागाच उरली नाही. पण कॅमेरा एलायझाबरोबर जात नाही, तो हिगिन्सबरोबर राहतो. माझ्या मते शेवट तिथेच फिरला. सपातांचं वाक्य त्यानंतर येतं.

हिगिन्स विंपोल स्ट्रीटला परततो. ओळखीची खोली, ओळखीची यंत्रं. रेकॉर्ड सुरू होते आणि एलायझाचा जुना आवाज येतो, ती पहिल्यांदा या घरात आली तेव्हाचा, कॉव्हेंट गार्डनच्या बोलीतला. मग मागून खराखुरा आवाज ऐकू येतो: यायच्या आधी हातपाय-तोंड धुतलंय मी. दारात एलायझा उभी आहे. हिगिन्स तिच्याकडे धावत नाही. तो खुर्चीत पाठ करून बसतो, टोपी मागे सरकवतो आणि सपातांबद्दल विचारतो. एलायझा सपाता आणते की नाही हे दाखवलेलं नाही.

आता संहिता शेजारी ठेवून बघा. “माझ्या सपाता कुठे गेल्या” हे वाक्य चौथ्या अंकातलं आहे. तिथे ते फेकण्याच्या आधी येतं. चित्रपटानं ते उचलून शेवटी नेलं. म्हणजे फेकण्यानं जे तुटलं होतं ते पुन्हा जोडून कथा मध्यरात्रीच्या त्या प्रश्नापाशी आणून ठेवली. बाईनं सपाता आणणं किळसवाणं आहे असं संहितेत ठणकावून सांगणारा माणूसच पडद्यावर त्या मागतो आणि ते प्रेक्षकाला गोड वाटतं.

ग्रामोफोनचंही तेच. संहितेत मशीन ही एलायझाची चपराक आहे: एकटं वाटलं तर ते लावा. आणि आवाज म्हणजे तू नव्हेस, हे हिगिन्सला तिथेच कबूल करावं लागतं. चित्रपटात ते मशीन खरंच वाजतं, पण तिचा टोमणा त्यातून गळून पडतो. उरतो तो फक्त विरह. शिवाय संहितेत “तुझी सवय झाली आहे” हे हिगिन्स तिच्या तोंडावर बोलतो, म्हणून तिला उत्तर देता येतं. पडद्यावर त्याची तगमग तो एकटा असताना घडते. तिथे उत्तर द्यायला ती नाही. ती येते तेव्हा वाद संपलेला असतो, आपलं मन हिगिन्सकडे वळलेलं असतं.

आणि ते हातपाय-तोंड धुतल्याचं वाक्य. दुसऱ्या अंकात हिगिन्स तिला तिच्यासमोर घाणेरडी म्हणतो, तेव्हा दुखावलेली एलायझा स्वतःचा मान राखायला ते बोलते. गरीब मुलीचं ते स्वाभिमानाचं वाक्य आहे. चित्रपटाच्या शेवटी तेच वाक्य, त्याच बोलीत, ती स्वतः होऊन म्हणते आणि ते मनधरणीचं होतं. हिलर ते इतक्या सुंदर म्हणते की डोळ्यांत पाणी येतं. म्हणूनच तिथे थांबून विचार करणं भाग आहे.

असं का झालं?

सगळं खापर बाजारावर फोडणं सोपं आहे, पण पुरेसं नाही.

एक कारण माध्यमाचं आहे. रंगमंचावर दोन माणसं पंधरा-वीस मिनिटं नुसती भांडत राहिली तरी आपण दोघांना एकाच वेळी बघत असतो. ऐकणाऱ्याचा चेहराही दिसत असतो. कॅमेरा एकाला निवडतो, आणि ज्याला निवडतो त्याच्या बाजूनं आपण होतो. शॉचा युक्तिवाद कापला की त्याची जागा कशानं तरी भरावी लागते. सपाता, यंत्र, रिकामी खोली अशा बोलक्या वस्तू लेखकानंच पेरून ठेवल्या होत्या. दिग्दर्शकांनी त्या उचलल्या. कसबाच्या दृष्टीनं ते काम उत्तम आहे, हे मान्य करायला हवं.

दुसरं कारण लेस्ली हॉवर्ड. शॉला हिगिन्स म्हणून चार्ल्स लॉटन हवा होता. हॉवर्ड देखणा, हळवा, प्रेक्षकांचा लाडका. लोकांना हा आवडेल आणि त्याचं एलायझाशी लग्न व्हावं असं त्यांना वाटेल, नेमकं तेच मला नको आहे, असं शॉनं पास्कलला कळवून ठेवलं होतं. तो बरोबर ठरला.

तिसरं कारण शॉला आवडलं नसतं, पण ते संहितेतच आहे. “ती आणेलच” असं म्हणून हिगिन्स हसतो आणि पडदा पडतो. त्याचं म्हणणं खोटं ठरवणारं रंगमंचावर कुणी नाही. शॉच्या मते हे हसणं म्हणजे हिगिन्सचं आंधळेपण. प्रेक्षकाला मात्र ते भाकीत वाटू शकतं. ही फट पहिल्या लंडन प्रयोगापासूनच नटांनी हेरली होती. हिगिन्स झालेला हर्बर्ट बीअरबोम ट्री पडदा पडता पडता एलायझाकडे फुलं फेकायचा. एलायझा होती मिसेस पॅट्रिक कॅम्बेल. शंभराव्या प्रयोगाला शॉ आला, ते पाहून भडकला. ट्रीचं म्हणणं, माझ्या शेवटामुळे पैसा येतो, आभार माना. शॉचं म्हणणं, तुला गोळी घातली पाहिजे. योगायोग म्हणजे १९३८ च्या चित्रपटात फ्रेडीचं काम करणारा डेव्हिड ट्री हा या बीअरबोम ट्रीचा नातू.

ट्रीची फुलं आणि हॉवर्डच्या सपाता यांत चोवीस वर्षांचं अंतर आहे, पण दोघांनी शिरकाव केला तो एकाच फटीतून.

शॉनं फट बुजवायला काय केलं

१९१६ च्या पुस्तकाला त्यानं लांबलचक उपसंहार जोडला आणि एलायझा फ्रेडीशीच लग्न करते हे सविस्तर लिहिलं. दोघं फुलांचं दुकान काढतात, पिकरिंग पैशांची मदत करतो, दुकान चालत नाही, हिशेब येत नाही, मग संध्याकाळच्या वर्गांना जाऊन शिकतात. संसाराचा इतका तपशील दुसऱ्या कुठल्या नाटककारानं नाटक संपल्यावर दिला असेल असं वाटत नाही. आणि त्यातही सपाता आहेतच. जन्मभर हिगिन्सच्या सपाता आणायच्या की जन्मभर फ्रेडीकडून आपल्या आणवून घ्यायच्या, यात एलायझा काय निवडेल याची शंकाच नको, असं तो लिहितो. म्हणजे चित्रपटाच्या शेवटच्या वाक्याला उत्तर चित्रपटाच्या बावीस वर्षं आधीच छापलेलं होतं.

पण उपसंहार वाचतं कोण? प्रेक्षक तर नाहीच. म्हणून चित्रपटासाठी शॉनं लिहून दिलेल्या पटकथेत फ्रेडी आणि एलायझाचं दुकान हिगिन्सच्या डोळ्यांसमोर उभं राहतं असा शेवट होता. तो पडद्यावर आला नाही. प्रेमभंग झालेला चेहरा हॉवर्डला मिळावा म्हणून कुणीतरी हा प्रसंग रचला, पण तो इतका संदिग्ध आहे की त्यावरून तंटा करण्यात अर्थ नाही, अशी त्याची नंतरची भूमिका होती. वय ऐंशीच्या पुढे गेलेलं; स्टुडिओत जाऊन बसणं आता जमणार नाही, असंही त्यानं म्हटलं. याच पटकथेला ऑस्कर मिळालं आणि शॉबरोबर आणखी तिघांची नावं त्यावर आहेत.

खरं उत्तर त्यानं १९४१ च्या संहितेत दिलं. तिथे “तुमचं तुम्हीच आणा” हे वाक्य गेलं. त्याऐवजी एलायझा हिगिन्सच्या प्रत्येक कामाचा निकाल लावते. अस्तराचे हातमोजे हवे असतील तर आठ नंबर लहान पडेल, तीन नवे टाय खणात विसरून पडले आहेत, कर्नलना दुसरं चीज आवडतं आणि तुम्हाला फरकच कळत नाही, हॅमचं सकाळीच फोनवर सांगून ठेवलंय. माझ्याशिवाय तुमचं कसं होणार कोण जाणे. आणि जाते. आई काळजीचं काहीतरी बोलते, तेव्हा हिगिन्स म्हणतो, छे, ती फ्रेडीशी लग्न करणार आहे! आणि गडगडाटी हसतो. ‘ती आणेलच’ हे फट ठेवणारं वाक्य गेलं, लग्नाची गोष्ट थेट हिगिन्सच्या तोंडून आली.

फट बुजली, पण मला १९१६ चाच शेवट श्रेष्ठ वाटतो. नव्या शेवटातली एलायझा हुशार आहे, तरी तिच्या डोक्यात अजून हिगिन्सच्या खणातले टाय आहेत. जाताना ती त्याच्या घरकामाचा ताळेबंद देऊन जाते. जुन्या शेवटातली एलायझा तो सगळा संसार तीन शब्दांत त्याच्या पदरात टाकून मोकळी होते. चित्रपटाशी भांडता भांडता शॉनं आपलंच चांगलं वाक्य गमावलं, असं मला वाटतं.

चित्रपटाचा शेवट पुढे वारसा झाला

शॉ १९५० मध्ये वारला. तो असेपर्यंत या नाटकाची संगीतिका करायला त्यानं परवानगी दिली नव्हती. १९५६ मध्ये ब्रॉडवेवर ‘माय फेअर लेडी’ आली, १९६४ मध्ये तिच्यावरचा जॉर्ज क्यूकरचा चित्रपट, रेक्स हॅरिसन आणि ऑड्री हेपबर्न यांचा. दोन्हींचा शेवट १९३८ च्या चित्रपटावरून घेतलेला आहे. यंत्रावरचा आवाज, दारातली एलायझा, हातपाय-तोंड धुतल्याचं वाक्य, सपाता. संहितेतलं “तुझ्या आवाजाची आणि चेहऱ्याची सवय झाली आहे” हे हिगिन्सचं बोलणं आता पूर्ण गाणं झालं आणि तेही तो एकटाच रस्त्यानं चालत म्हणतो. शॉच्या उपसंहाराबद्दल गीतकार ॲलन जे लर्नरनं छापील संगीतिकेच्या प्रस्तावनेत प्रामाणिकपणे लिहिलं आहे की शॉनं आणि देवानं क्षमा करावी, पण तो बरोबर होता याची मला खात्री नाही. शेवटच्या रंगसूचनेत एलायझाच्या डोळ्यांत पाणी आहे आणि तिला ‘समजलं’ आहे असं म्हटलंय.

हा ‘समजलं’ मला खटकतो. तीन तास एक मुलगी बोली, चालणं, जेवणं, विचार करणं शिकली, गुरूला वादात हरवलं, आणि शेवटी समजून घ्यायचं तेही तिनंच. हिगिन्सला काही समजलं का, हा प्रश्न तिथे कुणाला पडलेला नाही. हॉवर्डच्या चित्रपटात निदान तो तोंड लपवतो. पाठ करून बसलेला माणूस आपले डोळे दिसू नयेत म्हणून बसला आहे, असं वाचायला जागा आहे, आणि एलायझा काय करते हेही मोकळं सोडलेलं आहे. ॲस्क्विथ आणि हॉवर्डनी शॉचा अर्थ उलटवला, पण दार बंद केलं नाही. पुढच्यांनी ते हळूहळू लावून घेतलं.

हा प्रसंग बसवायला घेणाऱ्या नटमंडळींना माझं एवढंच सांगणं आहे: १९१६ ची संहिता घ्या, मधला वाद कापू नका, आणि हिगिन्स झालेल्या नटाला शेवटी दाराकडे बघू देऊ नका. एलायझा गेली त्या दिशेला त्यानं एकदा जरी नजर टाकली तरी प्रेक्षक ती परत यायची वाट बघू लागतो आणि पुढचं सगळं आपोआप ट्रीच्या वाटेनं जातं. शॉनं त्याला खिसा दिला आहे, नाणी दिली आहेत, हसू दिलं आहे. रंगसूचनेत दाराचा उल्लेख नाही.